थांबवलेला निधी आणि थांबलेली मजुरी : पश्चिम बंगालमधील मनरेगा खटल्याचा अभ्यास

९ मार्च २०२२ रोजी केंद्रीय ग्रामविकास मंत्रालयाने महात्मा गांधी राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी अधिनियम, २००५ (मनरेगा) च्या कलम २७ चा आधार घेऊन पश्चिम बंगालला या कायद्याखाली मिळणारा निधी थांबवला. केंद्राच्या निर्देशांचे पालन राज्याने केले नाही, हे त्याचे अधिकृत कारण होते; त्यामागे खोट्या जॉबकार्डांचे (मजुरांच्या नोंदणीपत्रांचे), कागदावरच झालेल्या कामांचे आणि निधीच्या अपहाराचे आरोप होते. केंद्रात भारतीय जनता पक्षाचे आणि राज्यात तृणमूल काँग्रेसचे सरकार असल्याने प्रकरण पहिल्या दिवसापासून राजकीय झाले, आणि त्याची बहुतेक चर्चाही त्याच अंगाने झाली. या लेखात मात्र प्रश्न वेगळा आहे. गरिबांसाठीच्या योजनेत फसवणूक झाल्याचा आरोप न्यायालयापुढे येतो, तेव्हा न्यायालयाने आधी कशाचा निकाल लावायचा?

थांबलेल्या गोष्टीचा आकार आधी पाहिला पाहिजे. २०२०-२१ या कोविडच्या वर्षात पश्चिम बंगालमध्ये या योजनेखाली सुमारे ४१ कोटी मनुष्यदिवसांचे काम झाले होते आणि पुढच्या वर्षी ३६ कोटींच्या आसपास. २०२१-२२ मध्ये केंद्राने राज्याला साडेसात हजार कोटींहून थोडा अधिक निधी दिला. त्या वर्षी राज्यातील मजुरीचा दर दिवसाला २१३ रुपये होता. पुढच्या आर्थिक वर्षापासून हा ओघ बंद झाला, आणि डिसेंबर २०२१ पासून केलेल्या कामाची मजुरीही खात्यात आली नाही. म्हणजे मजुरांचे नुकसान दुहेरी होते. झालेल्या कामाचे पैसे अडकले आणि पुढचे काम मागण्याचा हक्कही कागदावरच राहिला.

महाराष्ट्रातील वाचकाला या प्रकरणातील शब्द ओळखीचे वाटतील, कारण हा केंद्रीय कायदा ज्या कल्पनेवर उभा आहे ती आपल्याकडे १९७२ च्या दुष्काळाच्या सुमारास वि. स. पागे यांच्या पुढाकाराने रोजगार हमी योजनेच्या रूपाने अमलात आली आणि १९७७ मध्ये तिचा स्वतंत्र कायदा झाला. मागेल त्याला काम हे तिचे सूत्र. त्याच्याच जोडीने बोगस हजेरीपट, हजेरीवर मयताचे नाव, न खोदलेल्या तळ्याचे मोजमाप या तक्रारीही महाराष्ट्राने पुष्कळ पाहिल्या आहेत. त्यामुळे बंगालमध्ये गैरव्यवहार झालाच नसेल असे मानण्याचे कारण नाही. तो झाला असे धरूनच पुढचा विचार करणे योग्य ठरेल.

केंद्राचे आक्षेप साधारणपणे तीन प्रकारचे होते. योजनेत न बसणारी कामे योजनेच्या नावावर दाखवली गेली. मोठ्या कामाला वरिष्ठ अधिकाऱ्याची तांत्रिक मंजुरी घ्यावी लागू नये म्हणून त्याचे तुकडे पाडले गेले. आणि काही ठिकाणी नोंदीतले काम जागेवर सापडले नाही. पूर्व वर्धमान, हुगळी, मालदा आणि दार्जिलिंग या चार जिल्ह्यांतील निष्कर्ष न्यायालयापुढे विशेषत्वाने आले आणि त्यांतील काही रक्कम वसूलही झाली होती. वसुलीयोग्य म्हणून दाखवलेली रक्कम काही कोटींच्या घरातली होती. तपासणी नमुन्यादाखल झालेली असल्याने खरा अपहार याहून मोठा असू शकतो, हे केंद्राचे म्हणणे वाजवी आहे. तरीही चार जिल्ह्यांतील निष्कर्षावरून संपूर्ण राज्याचा निधी थांबतो, तेव्हा ज्या जिल्ह्यांविषयी तसा निष्कर्षच नाही तेथील मजुराला कोणत्या कारणाने शिक्षा झाली, याचे उत्तर द्यावे लागते.

येथे पैसा कसा जातो हे थोडे जवळून पाहणे आवश्यक आहे. मजुराने काम मागितल्यावर त्याचे नाव हजेरीपटावर येते. आठवडा संपल्यावर कामाचे मोजमाप होते, मजुरीची यादी तयार होते आणि तालुका पातळीवर दोन अधिकाऱ्यांच्या डिजिटल सह्यांनी रक्कम हस्तांतराचा आदेश निघतो. तो संगणक प्रणालीतून केंद्राकडे जातो आणि अकुशल मजुरीची संपूर्ण रक्कम केंद्राच्या खात्यातून थेट मजुराच्या बँक किंवा टपाल खात्यात जमा होते. साहित्याच्या खर्चात मात्र केंद्राचा वाटा तीन चतुर्थांश आणि राज्याचा एक चतुर्थांश असतो. कामाचे तुकडे पाडणे, मोजमाप फुगवणे, पुरवठादार ठरवणे या सर्व ठिकाणी निर्णय ग्रामपंचायतीचा, अभियंत्याचा किंवा गटविकास कार्यालयाचा असतो. खोट्या हजेरीत एखादा मजूर सामीलही असू शकेल, पण तुकडे पाडण्याचा अधिकार त्याच्याकडे नाही. निधी थांबवण्याची उपाययोजना मात्र या साखळीच्या शेवटच्या कडीवर, म्हणजे मजुराच्या खात्यावर, येऊन आदळते. कंत्राटदाराचे देणे थकते हे खरे, पण त्याच्याकडे दुसरी कामे असतात.

आता कलम २७ कडे वळू. त्याचे पहिले पोटकलम केंद्राला राज्यांना निर्देश देण्याचा अधिकार देते. दुसऱ्या पोटकलमाची रचना अधिक बारकाईने वाचण्यासारखी आहे. निधीच्या अयोग्य वापराविषयी तक्रार आली आणि तीत प्रथमदर्शनी तथ्य असल्याची केंद्राची खात्री झाली, तर केंद्र आपण नेमलेल्या यंत्रणेमार्फत चौकशी करवू शकते. आवश्यक असल्यास निधी देणे थांबवण्याचा आदेश देऊ शकते. आणि वाजवी कालावधीत योजनेची योग्य अंमलबजावणी व्हावी यासाठी सुधारणेचे उपाय योजू शकते. येथे निधी रोखणे हा स्वतंत्र दंड म्हणून आलेला नाही. त्याच्या एका बाजूला चौकशी आहे आणि दुसऱ्या बाजूला सुधारणा, आणि या सुधारणेला वाजवी कालावधीची मर्यादा आहे. थांबवण्याचा अधिकार पुन्हा सुरू करण्याच्या जबाबदारीशी कायद्यानेच बांधला आहे. दोषी व्यक्तीसाठी कलम २५ मध्ये दंडाची वेगळी तरतूद आहे. त्याची कमाल रक्कम एक हजार रुपये आहे आणि ती हास्यास्पद म्हणावी इतकी कमी आहे, हे जाता जाता नोंदवतो. पण त्याखेरीज अपहाराचा, बनावट कागदपत्रांचा आणि भ्रष्टाचाराचा फौजदारी कायदा उपलब्ध असतोच.

कलकत्ता उच्च न्यायालयापुढे हा विषय दोन परस्परविरुद्ध दिशांनी आला. राज्य विधानसभेतील तेव्हाचे विरोधी पक्षनेते सुवेंदू अधिकारी यांनी योजनेतील गैरव्यवहाराच्या चौकशीसाठी जनहित याचिका दाखल केली. पश्चिम बंग खेत मजूर समितीने थकीत मजुरी आणि बंद पडलेले काम यांसाठी याचिका केली. ही समिती न्यायालयाला अपरिचित नव्हती. सरकारी रुग्णालयाने तातडीचे उपचार नाकारणे हा जगण्याच्या हक्काचा भंग आहे, हा सर्वोच्च न्यायालयाचा १९९६ चा प्रसिद्ध निर्णय याच संघटनेच्या याचिकेवरचा. दोन्ही मागण्या एकाच योजनेविषयी असल्याने त्या एकत्र गुंफल्या जाणे स्वाभाविक होते, आणि माझ्या मते प्रकरण लांबण्याचे एक कारण तेच ठरले. आधी चोरी किती हे ठरवू, मग काम द्यायचे की नाही ते पाहू, असा क्रम नकळत स्वीकारला गेला.

जानेवारी २०२४ मध्ये न्यायालयाने चार सदस्यांची समिती नेमण्याचा आदेश दिला. केंद्र सरकार, राज्य सरकार, भारताचे नियंत्रक व महालेखापरीक्षक आणि राज्याचे महालेखापाल यांचा प्रत्येकी एक प्रतिनिधी तीत असावा आणि खरे लाभार्थी कोण याची पडताळणी व्हावी, असा तिचा हेतू होता. एकमेकांवर विश्वास नसलेल्या दोन सरकारांना एका टेबलाशी बसवण्याचा हा प्रयत्न समजण्यासारखा आहे. परंतु कोट्यवधी नोंदींच्या पडताळणीला वेळ लागणार हे उघड होते, आणि तोवर निधी बंदच राहणार होता. निधी थांबवून तोपर्यंत जवळजवळ दोन वर्षे झाली होती. सुधारणेचा वाजवी कालावधी संपला की नाही, हा प्रश्न पडताळणीचा एकही कागद न उघडता सोडवता आला असता, कारण त्याचे उत्तर दिनदर्शिकेत होते.

मधल्या काळात संशयाचा भार कोणावर गेला ते एका आकड्यावरून दिसते. जुलै २०२३ मध्ये लोकसभेत दिलेल्या माहितीनुसार २०२२-२३ या एका वर्षात देशभरात पाच कोटींहून अधिक मजुरांची नावे योजनेच्या नोंदीतून वगळली गेली आणि त्यांतील ८३ लाखांहून अधिक एकट्या पश्चिम बंगालमधील होती. आदल्या वर्षी राज्यात ही संख्या दीड लाखाच्या आसपास होती. वगळण्याची जी कारणे मंत्रालयाने सांगितली त्यांत खोटे किंवा दुबार जॉबकार्ड, कुटुंबाचे कायमचे स्थलांतर, मृत्यू यांच्याबरोबर ‘काम करण्याची इच्छा नसणे’ हेही होते. ज्या राज्यात वर्षभर केंद्राच्या पैशातून एकही नवे काम सुरू होऊ शकत नव्हते, तेथे कोणाची इच्छा कशी तपासली, असा साधा प्रश्न येथे उभा राहतो. वगळलेल्यांत बनावट नावेही मोठ्या संख्येने असू शकतील. परंतु वगळणे हाच बनावटपणाचा पुरावा मानला, तर तपासाची गरजच उरत नाही.

राज्य सरकारची बाजूही निष्कलंक नव्हती. ग्रामसभेमार्फत सामाजिक अंकेक्षण (गावकऱ्यांनीच कामाचा व खर्चाचा हिशेब तपासणे) करणे, तक्रारींचा मुदतीत निकाल लावणे, अपहार करणाऱ्यांवर गुन्हे नोंदवणे ही कामे कायद्याने राज्याच्या यंत्रणेवर सोपवली आहेत, आणि ती वेळेवर झाली असती तर केंद्राला कलम २७ चे हत्यार उचलणे इतके सोपे गेले नसते. राज्यातील सत्ताधारी तृणमूल काँग्रेसने केंद्राच्या अन्यायाविरुद्ध दिल्लीत आंदोलन केले. स्वतःच्या पंचायतींतील चौकशीविषयी तितका उत्साह दिसला नाही. फेब्रुवारी २०२४ मध्ये मुख्यमंत्री ममता बॅनर्जी यांनी २१ लाख मजुरांची थकीत मजुरी राज्याच्या तिजोरीतून देण्याचे जाहीर केले आणि त्यानंतर पैसे खात्यांत जमा होऊ लागले. ‘कर्मश्री’ नावाची ५० दिवस कामाची राज्य योजनाही पुढे आली. लोकसभा निवडणूक जवळ आली होती हे खरे. तरी मजुराला अखेर पैसे मिळाले हेही खरे.

१८ जून २०२५ रोजी कलकत्ता उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती टी. एस. शिवज्ञानम आणि न्यायमूर्ती चैताली चॅटर्जी (दास) यांच्या खंडपीठाने १ ऑगस्ट २०२५ पासून योजना राज्यात पुन्हा राबवावी असा आदेश दिला. योजना अनंत काळ शीतपेटीत ठेवून द्यावी अशी कायद्याची कल्पना नाही, ही त्यातील मध्यवर्ती भूमिका. आरोप २०२२ पूर्वीच्या व्यवहारांचे आहेत; त्यांची चौकशी चालू ठेवण्याचा, दोषींकडून वसुली करण्याचा केंद्राचा अधिकार अबाधित आहे; मात्र त्यासाठी पुढचे काम अडवून ठेवता येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. त्याचबरोबर गैरप्रकारांची पुनरावृत्ती होऊ नये म्हणून इतर राज्यांना लागू नसलेल्या विशेष अटी पश्चिम बंगालवर घालण्याची मोकळीक केंद्राला दिली. केंद्राने याविरुद्ध केलेली विशेष अनुमती याचिका सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती विक्रम नाथ आणि न्यायमूर्ती संदीप मेहता यांच्या पीठाने २७ ऑक्टोबर २०२५ रोजी फेटाळली.

या निर्णयाची ताकद त्याच्या विभागणीत आहे. मागचा अपहार आणि पुढचा हक्क हे दोन वेगळे विषय आहेत आणि पहिल्याचा निकाल लागेपर्यंत दुसरा थांबत नाही, हे त्याने स्पष्ट केले. ही वाट नवीही नव्हती. ओडिशातील याच योजनेच्या गैरव्यवहाराविषयी स्वयंसेवी संस्थेने याचिका केली तेव्हा, मे २०११ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने सहा जिल्ह्यांतील शंभर गावांपुरता तपास केंद्रीय अन्वेषण विभागाकडे सोपवला. अलाहाबाद उच्च न्यायालयाने जानेवारी २०१४ मध्ये उत्तर प्रदेशातील सात जिल्ह्यांसाठी २००७ ते २०१० या काळातील कामांचा तपास त्याच यंत्रणेला दिला. दोन्ही ठिकाणी आरोप गंभीर होते आणि तपासाला भूगोलाची व काळाची मर्यादा आखलेली होती. चोराला पकडण्यासाठी सगळ्या राज्याचे काम बंद ठेवावे लागते असे तेथे कोणी म्हटले नाही. स्वराज अभियान या संघटनेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने मे २०१८ मध्ये असेही म्हटले होते की मजुराला काम केल्यापासून पंधरवड्यात मजुरी मिळण्याचा हक्क आहे आणि प्रशासकीय त्रुटी असतील तर त्या राज्य सरकारांनी व मंत्रालयाने आपसात निस्तराव्यात. बंगालच्या बाबतीत हा पूर्वनिर्णय हाताशी असताना सव्वातीन वर्षे गेली.

निर्णयाची दुर्बलता दोन ठिकाणी दिसते. पहिली विशेष अटींविषयीची. अटी घालण्याची मोकळीक देताना त्या कोणावर असाव्यात, हे न्यायालयाने आखून द्यायला हवे होते. मोजमापाची दुबार तपासणी, तांत्रिक मंजुरीचे कडक नियम, पुरवठादारांची छाननी या अटी यंत्रणेवरच्या आहेत. ओळख पडताळणी ही अट मजुरावरची आहे. डिसेंबर २०२५ च्या सुरुवातीला केंद्राने निधीवरील बंदी उठवणारा आदेश काढला तेव्हा दोन्ही प्रकारच्या अटी त्यात आल्या: कामाला लागण्यापूर्वी सर्व मजुरांची ई-केवायसी (ओळखीची इलेक्ट्रॉनिक पडताळणी), वर्षाऐवजी दर तिमाहीला मजुरी अंदाजपत्रकाची (किती काम मागितले जाईल याच्या अंदाजाची) मंजुरी, आणि एका कामाच्या खर्चावर २० लाख रुपयांची मर्यादा. यांतील शेवटची अट मोठ्या कामांवर लक्ष ठेवण्यासाठी असावी, पण कामाचे तुकडे पाडणे हाच मूळ आक्षेप असताना लहान कामांनाच वाट ठेवणे हा उपाय मला अजब वाटतो. तिमाही मंजुरीची अट तर मागणीनुसार काम या तत्त्वालाच चाप लावते, कारण पुढच्या तिमाहीत किती जण काम मागतील हे मजुरांच्या गरजेवर ठरते, आधीच्या तिमाहीतील कार्यालयाच्या कामगिरीवर नव्हे. मुख्यमंत्र्यांनी कूचबिहारच्या सभेत या आदेशाचा कागद फाडला. त्या दृश्याला जितकी प्रसिद्धी मिळाली तितकी अटींच्या तपशिलाला मिळाली नाही.

दुसरी दुर्बलता थकबाकीची आहे, आणि ती अधिक खोल आहे. आदेश १ ऑगस्टपासून पुढे लागू होणारा होता. त्याआधीच्या काळाचे काय? यात तीन निरनिराळी देणी आहेत आणि ती एकमेकांत मिसळता कामा नयेत. बंदीपूर्वी झालेल्या कामाची मजुरी हे पहिले. ती राज्याने भरली, त्यामुळे केंद्राकडून भरपाई मागण्याचा तो दोन सरकारांमधला हिशेब झाला. उशिराबद्दल दिवसाला ०.०५ टक्के दराची भरपाई हे दुसरे. ते मजुराचे स्वतःचे देणे आहे, आणि मूळ मजुरी दुसऱ्या कोणी भरल्याने ते आपोआप फिटत नाही. तिसरे सर्वांत अवघड. काम मागूनही पंधरा दिवसांत मिळाले नाही तर कलम ७ खाली बेकारी भत्ता द्यावा लागतो, पहिले तीस दिवस मजुरीच्या किमान एक चतुर्थांश आणि नंतर किमान निम्म्या दराने, आणि तो राज्याने द्यायचा असतो. केंद्राने निधी थांबवल्यामुळे राज्य काम देऊ शकले नाही, तर हे देणे कोणाचे? कायदा लिहिणाऱ्यांनी काम न देण्याचा दोष राज्याचा असेल असे गृहीत धरले होते; केंद्रच काम अडवील ही शक्यता त्यांच्या डोळ्यांपुढे नव्हती. शिवाय भत्त्यासाठी कामाच्या मागणीचा तारखेसह पुरावा लागतो, आणि काम बंद असलेल्या काळात ग्रामपंचायतीने मागणीचा अर्ज घेऊन पोच देणे ही दुर्मीळ गोष्ट. त्यामुळे हक्क असूनही तो सिद्ध करण्याचा कागद बहुतेकांकडे नसणार.

बंदी उठल्यानंतर दोन आठवड्यांच्या आत संसदेने रोजगाराच्या हमीचा नवा कायदा मंजूर केला, ज्यात १२५ दिवस कामाची तरतूद आहे आणि बहुतेक राज्यांवर खर्चाचा ४० टक्के वाटा टाकला आहे. २००५ च्या कायद्याची जागा तो घेतो. एखादा कायदा निरसित झाला तरी, विरुद्ध हेतू दिसत नसेल तर, त्याखाली आधीच निर्माण झालेले हक्क आणि दायित्वे टिकून राहतात, असे १८९७ च्या सर्वसाधारण वाक्खंड अधिनियमाचे कलम ६ सांगते. त्यामुळे मार्च २०२२ ते जुलै २०२५ या काळातील विलंब भरपाई आणि बेकारी भत्ता यांचा दावा जुना कायदा गेल्याने संपत नाही. तो मागायचा कोणाकडे, हे ठरवण्याचे काम मात्र न्यायालयाने अद्याप हाती घ्यायचे आहे.